बिस्सीच्या कप्प्यांना दारं लागली तेव्हा

माझ्या स्वयंपाकघरात काही कमी आहे, हे मला इतक्या वर्षांच्या संसारात कधी जाणवलंच नव्हतं. ओटा आहे, ओट्याखाली कडप्प्याचे कप्पे आहेत, वर भिंतीतही तसेच कप्पे आहेत आणि त्यांत डबे आहेत. डबा हवा असला की हात घालायचा आणि काढायचा. या पद्धतीत काहीतरी भयंकर चुकतंय हे माझ्या नवऱ्याच्या ध्यानात आलं, तेव्हा त्याला घरी बसून जेमतेम महिना झाला होता. घरी बसलेल्या पुरुषाला आधी टीव्ही दिसतो, मग फोन दिसतो आणि शेवटी बायकोचं स्वयंपाकघर दिसतं. तिथवर गाडी आली की आपलं काही खरं नाही असं खुशाल समजावं.

नवरा लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या कारखान्यात मुकादम होता. शेठने लूम भंगारात काढले, शेड एका गोदामवाल्याला भाड्याने दिली आणि याची ड्युटी संपली. त्यानंतर आमचं घर चालत होतं ते फक्त माझ्या बिस्सीवर. बिस्सी म्हणजे खाणावळ. भिवंडीच्या कामतघर भागात लूमवर राबायला आलेली, बायकामुलं गावी ठेवलेली माणसं दोन वेळा जिथे जेवतात ती जागा. कुणी यूपीचा, कुणी ओडिशाचा, कुणी तेलंगणाचा. आमच्या पुढच्या खोलीत सतरंजीच्या पट्ट्या अंथरलेल्या असतात. शिफ्ट सुटली की माणसं येतात, ओळीने बसतात, जेवतात आणि जातात. खोली आणि स्वयंपाकघर यांच्यामध्ये फक्त एक उंबरा आहे, त्यामुळे जेवणाऱ्याला समोर मी दिसते आणि माझ्यामागे माझे सगळे डबे. ही माणसं जेवायला यायची थांबली तर आम्हा दोघांच्या ताटात काय पडणार, हा प्रश्न मला रोज सकाळी पीठ मळताना पडायचा. नवऱ्याला मात्र कप्प्यांना दारं का नाहीत हा प्रश्न पडला होता.

यात माझ्या धाकट्या जावेचाही हात आहे. ती कल्याणला राहते आणि तिच्याकडे मॉड्युलर किचन आहे. ते 'आहे' म्हणणंही कमीच. ती त्याच्यात नांदते. तिच्या ट्रॉल्या ढकलल्या की अर्ध्या वाटेवर थांबून, विचार करून, मग आपोआप बंद होतात. गेल्या दिवाळीत तिने मला हे इतक्या वेळा करून दाखवलं की चहा करायचा राहून गेला. मग ती आमच्याकडे आली, उंबऱ्यात उभी राहिली आणि म्हणाली, "ताई, सगळं कसं उघड्यावर हो तुमचं!" जणू मी कप्पे नाही, स्वतःच उघड्यावर बसले होते. मी विसरून गेले. नवऱ्याने ते मनात ठेवलं.

मग व्हिडिओ सुरू झाले. स्वस्तात किचन बदला, जुन्या कप्प्यांना नवं रूप द्या, सुताराशिवाय दारं बसवा. त्यातल्या बाईच्या कप्प्यात चार काचेच्या बरण्या आणि एक कुंडी. बाई हसत हसत कुंडी उचलते, पुसते, परत ठेवते. त्या घरात कुणी जेवत असावं असं काही दिसत नव्हतं.

"बघ, किती सोपं हाय," नवरा म्हणाला.

"तिच्याकडे तेलाचा डबा कुठाय? पिठाचं पिंप कुठाय? तांदळाची गोण कुठाय?"

"तेच तर! आत हाय. दाराच्या मागं हाय. म्हणून तर दिसत न्हाय."

मी म्हटलं, हौस असेल तर पडदे लाव, भिवंडीत कापडाला काय तोटा. पण कापडाचं नाव काढताच त्याचा चेहराच बदलला. "जलमभर कापडच बघितलं," तो म्हणाला. "आता कापड न्हाय." त्याच्या बोलण्यात जरा कडवटपणा होता, तो मी तेव्हा कानाआड केला. बजेट काही नव्हतंच, त्यामुळे ते ओलांडायचीही भीती नव्हती.

पडघ्याच्या बाजूला त्याच्या ओळखीचा एकजण गोदामात कामाला होता. माल ठेवायच्या लाकडी फळ्या असतात, पॅलेट म्हणतात त्यांना, त्यातल्या मोडक्या त्याने टेम्पोवाल्याच्या हाती फुकट धाडून दिल्या. फुकट हा शब्द नवऱ्याने त्या दिवशी चाळीत इतक्या जणांना ऐकवला की दोघीतिघींनी आपल्यालाही मिळतील का म्हणून विचारलं. फळ्यांवर बाण काढलेले होते आणि 'ही बाजू वर' असं इंग्रजीत छापलेलं होतं. माझा नवरा बाणांना कधी जुमानणारा नव्हता. अर्धी दारं बाण खाली करून बसली.

पुढचे काही दिवस आमच्या घरात करवत चालली. भुसा डाळीत, भुसा पिठात, भुसा माझ्या केसांत. कडप्प्यात स्क्रू जात नाही, हे कडप्प्याने त्याला दोन ड्रिलबिट तोडून समजावलं. मग त्याने लाकडाच्या चौकटी करून त्या गोंदाने दगडाला चिकटवल्या, चौकटींना बिजागऱ्या ठोकल्या आणि बिजागऱ्यांना दारं. सगळ्यावरून संगमरवरासारखा दिसणारा चिकट कागद. कागदाखाली हवेचे फुगे राहिले, ते त्याने सुईने फोडले. शेवटी सोनेरी हँडल. एवढं झाल्यावर तो दोन पावलं मागे सरला, कंबरेवर हात ठेवून उभा राहिला आणि माझ्याकडे बघू लागला. मी "छान" म्हटलं. घरात शांतता हवी असेल तर असे शब्द हाताशी ठेवावे लागतात.

आता या छानपणाचा अनुभव सांगते. मी पोळ्या लाटायला ओट्याशी खाली बसते आणि दारं माझ्या अंगावरच उघडतात, त्यामुळे ओट्याखालचं कुठलंही दार उघडायचं तर मी आधी उठायला हवं. मीठ हवं, उठा. हळद हवी, उठा. सिलेंडर ठेवला की त्याचं दार लागेना, म्हणून ते दार कायम अर्धं उघडं राहायचं आणि जाता येता माझ्या गुडघ्यावर आपटायचं. वाफेने कागदाचे कोपरे सुटायचे, नवरा ते दाबायचा, ते परत सुटायचे. दारं घट्ट लागावीत म्हणून आतून बसवलेले मॅग्नेट इतके दणकट की दार ओढलं की अख्खी चौकट हाताबरोबर यायला बघायची. झुरळांची मात्र चांगली सोय झाली. इतकी वर्षं बिचारी उजेडात राहत होती.

नवरा खूश होता, आणि खरं सांगायचं तर त्याला खूश बघून बरंही वाटत होतं. म्हणून मी गुडघ्याला तेल लावून गप्प बसले. पहिल्या दिवशी जेवायला आलेल्यांनीही तारीफ केली. "क्या बात है भाभी, एकदम होटल बना दिया," ओळीच्या टोकाला बसणारे चाचा म्हणाले. चाचा यूपीचे, दाढी पांढरी, माझ्या नवऱ्याच्याच कारखान्यात त्याच्या हाताखाली लूम चालवत होते. कारखाना बंद झाल्यावर त्यांनी गल्लीच्या टोकाच्या शेडमध्ये काम धरलं, पण जेवायला आमच्याकडेच यायचे. बाकीची माणसं त्यांना विचारून चालत.

दुसऱ्या दिवसापासून ही माणसं हळू बोलू लागली.

ज्याला भिवंडी माहीत नाही त्याला यात काही वाटणार नाही. पण लूमच्या खडखडाटात आयुष्य काढलेला माणूस हळू बोलत नाही, त्याला ते येतच नाही. आमच्याकडे 'और दाल देना' हे वाक्य शेजारच्या चाळीत ऐकू जातं. आणि आता तीच माणसं एकमेकांच्या कानाशी लागून कुजबुजत होती, दारांकडे बघत होती आणि मी वळले की ताटात बघत होती. आठवडा गेला नाही तोच तेलंगणावाले दोघे आले, हिशोब मिटवला आणि "काम से दूर पड़ता है भाभी" म्हणून गेले. दोघे समोरच्या शेडमध्ये कामाला होते. आमच्या उंबऱ्यातून त्यांचं लूम दिसतं. मग आणखी एक गेला. मग ओडिशावाल्यांपैकी तिघे. सगळे पलीकडच्या गल्लीतल्या बिस्सीत जाताना मी डोळ्यांनी बघितले. तिथली बाई पत्र्याखाली चुलीसारख्या काळ्या शेगडीवर रांधते, आणि तिच्या कप्प्यांना दारं तर सोडाच, कप्पेच नाहीत.

मला लगेच उमगलं. बिस्सीवाल्या बाईच्या मागे एक भूत कायम असतं, ते म्हणजे सोडा. भातात सोडा टाकला की भात फुगतो, माणसाचं पोट लवकर भरतं आणि बाईचा तांदूळ वाचतो, अशी लूमवाल्यांची पक्की समजूत. माझ्यावर असा संशय कधी कुणी घेतला नव्हता, कारण माझे सगळे डबे त्यांच्या डोळ्यांसमोर होते. तेल कुठलं, डाळ कुठली, बघून घ्या. आता डब्यांवर दारं लागली आणि दारांमागे सोडा आला. नवऱ्याने जावेच्या बोलण्यावर जाऊन माझ्या इतक्या वर्षांच्या नावाला काळं फासलं होतं.

त्या दिवशी मी त्याला जे बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. त्याने ते शांतपणे ऐकलं आणि यावरही त्याच्याकडे उपाय होता. त्याने प्रत्येक दारावर मार्करने लिहिलं. तेल. दाल. चावल. मसाला. हिंदीत, मोठ्या अक्षरांत. मी विचारलं, "सोडा कुठल्या दारावर लिहिणार?" तर म्हणाला, "आपल्याकडं सोडा न्हायच तर." हुशार माणूस.

मी तोंडाने काही विचारणार नव्हते. ज्यांना ताप आला की मी पेज करून पाठवली, ईदला आणि छठला ज्यांच्यासाठी वेगळं रांधलं, त्यांच्यापुढे दारं उघडून 'बघा हो, मी चोर नाही' म्हणायचं? तेवढी लाज विकायला काढली नव्हती. मी ठरवलं, ताटातूनच उत्तर द्यायचं. भिवंडीत शुक्रवारी लूम बंद असतात, सगळे निवांत जेवतात. त्या शुक्रवारी मी पुऱ्या तळल्या, बटाट्याची भाजी केली, वाटाण्याची उसळ केली आणि शेवयांची खीर, तीही काजू घालून. नवरा म्हणाला, "आज काय हाय?" मी म्हटलं, "आज माझं नाक हाय."

उरलेली माणसं बसली. मी आग्रह करकरून वाढलं. आणि काय सांगू, अख्खी पंगत मयताला बसल्यासारखी जेवली. कुणी खिरीची वाटी परत पुढे केली नाही. जेवण झाल्यावर ओडिशाचा एक गडी, जो वर्षभरात माझ्याशी 'नमक' या शब्दापलीकडे बोलला नव्हता, तो वाकून माझ्या पाया पडला. चाचांनी उंबऱ्याशी येऊन दोन्ही हात जोडले आणि म्हणाले, "भाभी, बहुत खिलाया आपने. ऊपरवाला आपको खुश रखे." माझे डोळे भरून आले. मी आत जाऊन नवऱ्याला म्हटलं, बघ, माणूस खाल्ल्या अन्नाला जागतो. जिंकले मी.

शनिवारी दुपारी जेवायच्या वेळेला एकटे चाचा आले. त्यांची रात्रपाळी होती. तेही जेवायला आले नव्हते. चप्पल न काढता दारातच उभे राहिले.

"भाभी, उधर बात कर ली है मैंने," ते म्हणाले. "एक ही जगह बची थी. मैंने सोचा बता के जाऊँ."

इतके दिवस दाबून धरलेलं सगळं बाहेर आलं. नवरा तिथेच खाली बसून सिलेंडरचं दार घासत होता, तोही दचकला. मी म्हटलं, चाचा, इतनी खीर खाके भी? किसने बोला मैं सोडा डालती हूँ? आओ अंदर, खोलो दरवाज़े, एक एक डब्बा सूँघ के देखो! असं म्हणून मीच एक दार इतक्या जोरात ओढलं की ते बिजागरीसकट हातात आलं.

चाचा माझ्या तोंडाकडे बघत राहिले. "सोडा?" ते म्हणाले. "सोडे की बात कौन किया?"

"तो फिर गए क्यों सब?"

"आप बिस्सी बंद कर रही हैं ना."

मी म्हटलं, कोण म्हणतं? आणि चाचांनी माझ्या हातातल्या दाराकडे बोट दाखवलं. मग माझ्याशी नाही, नवऱ्याशी बोलू लागले. नेहमीच्या खणखणीत आवाजात, पण न रागावता. "मुकादम, तुम तो थे वहाँ. शेठ ने पहले क्या किया? ऑफिस में काँच का दरवाज़ा लगाया. फिर टेबल पे सनमाइका. हम सब खुश, कि धंधा बढ़ रहा है. फिर एक शुक्रवार को सबको बिरयानी खिलाई. शनिवार को गेट पे ताला था. उस बार हम लोग को कुछ समझा नहीं. महीना भर काम ढूँढे. इस बार दरवाज़ा देखा तो समझ गए, खीर आई तो पक्का हो गया. रोटी की जगह भी जल्दी भर जाती है, भाभी. जो पहले गया उसको मिली."

शेठची ती बिरयानी मलाही आठवली. नवऱ्याने त्यातली अर्धी डब्यात भरून घरी आणली होती, आणि मी ती बोटं चाटत खाल्ली होती. त्याच्या आधी काही दिवस हाच माणूस संध्याकाळी उड्या मारत घरी आला होता, शेठ ऑफिस नवं करतोय, आता पगार वाढणार म्हणून. काचेचं दार उचलून आत न्यायला यानेच हात लावला होता. मला त्याच्याकडे बघवेना. पण बघितलं. तो खाली बसूनच होता, हातात पॉलिश पेपर, आणि त्याचा चेहरा उतरला होता. इतके दिवस त्याची इतकी थट्टा केली, त्याचं फार वाईट वाटलं.

तो उठला, स्क्रूड्रायव्हर घेतला आणि उजव्या कोपऱ्यापासून सुरुवात केली. चाचांनी चप्पल काढली, उंबरा ओलांडून आत आले आणि दुसऱ्या बाजूने दार धरलं. दोघांनी मिळून सगळी दारं काढली आणि बाहेर भिंतीला लावून ठेवली. चौकटी काही निघेनात. गोंद तेवढा चांगला लागला होता. गेलेल्यांपैकी बरेच पुढे आठ-पंधरा दिवसांत परतले. तेलंगणावाले आले नाहीत, त्यांना तिकडची आमटी आवडली म्हणे. आमची बिस्सी अजून चालू आहे. जाऊ आली की चौकटींकडे बघते आणि काही बोलत नाही, तेवढाच फायदा.

पण त्या दुपारचं राहिलं. दारं निघाल्यावर मी चाचांना म्हटलं, आता बसा, खाना तो खाके जाओ. ते त्यांच्या जागी बसले. मी सवयीने नवऱ्याचं ताट आत ओट्याशी वाढायला घेतलं. मुकादम कामगारांच्या ओळीत बसत नाही. माझ्या घरातही तो कधी बसला नव्हता, नोकरी गेल्यावरही नाही. तो बाहेर गेला आणि चाचांच्या शेजारी पट्टीवर मांडी घालून बसला. "माझं हितंच वाढ," म्हणाला.

चाचांनी नव्या माणसासाठी सरकतात तसं सरकून त्याला जागा करून दिली आणि मोठ्याने विचारलं, "क्यों भाभी, नई भर्ती है क्या?"

मी हसणार होते. काम गेल्यापासून नवरा चाळीत, नात्यात, जावेकडे, सगळीकडे एकच सांगत होता, की शेठ दुसरीकडे ठेवून घेत होता, पण कंटाळा आला म्हणून मीच काम सोडलं. तो ताटाकडे बघत म्हणाला, "हाँ चाचा. काम से निकाल दिया मेरे को."

चाचांनी आपल्या ताटातली एक पोळी उचलून त्याच्या ताटात ठेवली.